भारत एक खोजच्या टायटल साँगने आजही अंगावर काटा येतो, पण त्याचं हिंदी एका मराठी माणसाने लिहिलं होतं

1988 साल. दूरदर्शनवर श्याम बेनेगल यांची 'भारत एक खोज' सुरू झाली. नेहरूंच्या पुस्तकावरची 53 भागांची मालिका. सुरुवातीला वनराज भाटियांच्या संगीतात संस्कृत ऋचा ऐकू यायच्या आणि लगेच त्यांचं हिंदी. ते हिंदी कित्येकांना आजही तोंडपाठ आहे. ते लिहिणाऱ्याचं नाव मात्र फार कमी जणांना सांगता येतं.

ते होते वसंत देव.

मूळ रचना ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं नासदीय सूक्त. जग निर्माण होण्याआधी काय होतं, हा त्याचा विषय. त्यात ठाम उत्तर नाही, शंका आहे. देवांनी ती शंका तशीच ठेवली आणि शाळकरी पोरांनाही म्हणता येईल अशा हिंदीत आणली.

हे काम त्यांना नवीन नव्हतं. विजय तेंडुलकरांचं 'घाशीराम कोतवाल' त्यांनीच हिंदीत नेलं होतं. मराठी नाटक मुंबई-पुण्याबाहेर पोचलं, त्यात अशा अनुवादांचा मोठा वाटा आहे.

मग सिनेमा. 1983 चा 'अर्धसत्य' आठवा. कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची आणि संवाद वसंत देवांचे. ओम पुरींचा सब-इन्स्पेक्टर अनंत वेलणकर हा मराठी माणूस, पण पडद्यावर बोलायचा हिंदीत. ती भाषा खरी वाटणं गरजेचं होतं, आणि ती वाटली.

पुढच्याच वर्षी महेश भट्ट यांचा 'सारांश' आला. मुलगा गमावलेल्या, शिवाजी पार्कात राहणाऱ्या प्रधान मास्तरांची ही गोष्ट. त्यातल्या गीतांसाठी देवांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'उत्सव'मधल्या लता-आशा यांच्या गाण्यासाठी 1986 मध्ये फिल्मफेअरही मिळाला.

म्हणजे सन्मान मिळाले. तरी नाव मागे का राहिलं?

कारण त्यांचं बरंचसं काम दुसऱ्याचं म्हणणं पोचवण्याचं होतं. नाटक तेंडुलकरांचं, मालिका बेनेगलांची, सूक्त तर हजारो वर्षं जुनं. अनुवाद जितका चांगला, तितका अनुवादक दिसेनासा होतो.

वसंत देवांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. पुढच्या वेळी यूट्यूबवर ते टायटल साँग लागलं, तर स्किप करू नका. श्रेयनामावलीत त्यांचं नाव शोधा.