शब्द बदलून कारभार बदलणारे रघुनाथपंत हणमंते कोण होते?

फँटसी मालिकांत एक शब्द उच्चारला की जग बदलतं. साडेतीनशे वर्षांपूर्वी रायगडावर त्याच्या जवळ जाणारं काहीतरी घडलं.

१६७४ साली शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला. राज्य आपलं होतं, कारभाराची भाषा मात्र फारसीने भरलेली. मग मुजुमदार अमात्य झाला, सुरनीस सचिव, सरनौबत सेनापती. कामं साधारण तीच राहिली, पण पदांची नावं आता परक्या दरबाराची नव्हती.

कारभारातल्या बाकी शब्दांचं काय? ते काम महाराजांनी रघुनाथ नारायण हणमंते यांच्यावर सोपवलं.

कोण होते रघुनाथपंत?
वडील नारो त्रिमल हे शहाजीराजांचे कर्नाटकातले कारभारी. रघुनाथपंत आधी तंजावरच्या व्यंकोजीराजांकडे होते. तिथे मतभेद झाल्यावर ते महाराजांकडे आले. १६७७ च्या दक्षिण मोहिमेनंतर जिंजीकडचा कारभार त्यांनी सांभाळला.

कोशात काय आहे?
'राज्यव्यवहारकोश' संस्कृत श्लोकांत आहे. दुर्ग, शस्त्र, लेखन, बाजार असे १० वर्ग आणि सुमारे १,३८० शब्द. फारसी किंवा दख्खनी शब्द आणि त्याला संस्कृत पर्याय, अशी रचना.

आज काय उरलं?
सचिव आणि सेनापती टिकले. पेशव्याला 'मुख्य प्रधान' हे नाव मिळालं, तरी लोकांच्या तोंडी पेशवाच राहिला. पदाचं नाव हुकमाने बदलतं, रोजचं बोलणं नाही. म्हणूनच दिघीत फ्लॅट घेतानाही कागदावर दस्त, तारीख, हक्क आणि मालक हेच शब्द असतात.