समलिंगी आकर्षणावरच्या प्रश्नांना उत्तरं दिली म्हणून खटला, वकील होते डॉ. आंबेडकर, कोण होते र. धों. कर्वे?

महागाव : तृतीयपंथीयांच्या ओळखीला मान्यता देणारा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला १५ एप्रिल २०१४ ला. समलिंगी संबंध गुन्ह्यातून वगळले गेले ६ सप्टेंबर २०१८ ला. पण या विषयावर मराठीत उघड लिहिणारा एक माणूस १९३४ मध्येच कोर्टात उभा होता. रघुनाथ धोंडो कर्वे.

महर्षी कर्वे यांचे हे थोरले चिरंजीव, जन्म १४ जानेवारी १८८२. मुंबईच्या विल्सन कॉलेजात गणित शिकवायचे. १९२१ मध्ये त्यांनी मुंबईत संततिनियमन केंद्र सुरू केलं. पुढे याच कामापायी प्राध्यापकी सोडावी लागली. पत्नी मालतीबाई या सगळ्यात सोबत होत्या, मूल होऊ न देण्याच्या निर्णयातही.

जुलै १९२७ मध्ये 'समाजस्वास्थ्य' मासिक निघालं. आज महागावातला एखादा मुलगा रात्री मोबाइलवर गुपचूप जे शोधतो, ते तेव्हा वाचक कर्व्यांना पत्रातून विचारायचे. उत्तर छापून यायचं, तेही आडपडदा न ठेवता.

पहिला खटला १९३१ मध्ये झाला. दंड १०० रुपये. १९३४ मध्ये पुन्हा अटक झाली. यावेळी आक्षेप होता हस्तमैथुन आणि समलिंगी आकर्षणावरच्या प्रश्नोत्तरांवर.

वकीलपत्र घेतलं डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. गोलमेज परिषदा आणि पुणे करार होऊन गेले होते, देशाचं लक्ष त्यांच्यावर होतं. अशा वेळी अश्लीलतेचा खटला अंगावर घेणं सोपं नव्हतं. मासिकच लैंगिक शिक्षणाचं असेल तर वाचकाचा प्रश्न विकृत ठरवून टाळायचा कसा, हा त्यांचा मुद्दा. समलिंगी आकर्षण नैसर्गिक असू शकतं, यासाठी त्यांनी हॅवलॉक एलिसच्या संशोधनाचा आधार घेतला. तरीही खटला हरले. दंड २०० रुपये.

इथे एक गल्लत टाळू. कोणाबद्दल आकर्षण वाटतं आणि स्वतःला स्त्री, पुरुष की तृतीयपंथी मानतो, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. कर्व्यांचा खटला पहिल्यावरचा. १८६० च्या दंडसंहितेतल्या कलम ३७७ चा धाक मात्र समलिंगी आणि तृतीयपंथी दोघांनाही होता.

दंड भरून कर्व्यांनी मासिक चालूच ठेवलं, खिशाला खार लावून. १४ ऑक्टोबर १९५३ ला ते गेले. 'समाजस्वास्थ्य'चा शेवटचा अंक त्यानंतर, नोव्हेंबरमध्ये निघाला.