विश्लेषण : प्रकाशापासून घडवलेले ‘सिल्मरिल’ रत्न काय आहे? टॉल्किन यांचे त्यावरील काम आयुष्यभर अपुरे का राहिले?

‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधली अंगठी जगभर पोहोचली. पण तिचे लेखक जे. आर. आर. टॉल्किन यांच्या लेखनात अंगठीच्या कितीतरी आधी एक रत्न आले होते. ज्या पुस्तकाला त्या रत्नाचे नाव आहे, ते छापलेले पाहणे मात्र त्यांच्या नशिबी नव्हते.

सिल्मरिल म्हणजे काय?

टॉल्किन यांच्या कथाविश्वात सूर्य-चंद्र जन्मण्यापूर्वी दोन झाडे जगाला उजेड देतात, एक रुपेरी, दुसरे सोनेरी. फेआनोर हा कुशल कारागीर त्या दोन्ही झाडांचा प्रकाश तीन रत्नांत साठवतो. रत्नांचे कवच ‘सिलिमा’ नावाच्या पदार्थाचे आहे. तो हिऱ्यासारखा स्फटिकमय दिसतो, पण हिऱ्याहून कठीण आहे. तो कशाचा बनला, हे कारागिराखेरीज कोणालाच माहीत नाही. पुढे झाडे नष्ट होतात आणि मूळ प्रकाश फक्त या रत्नांत उरतो. रत्ने फोडली तर झाडे पुन्हा जगू शकतील, पण फेआनोर नकार देतो. तोवर रत्नांची चोरीही झालेली असते. ती परत मिळवण्याची शपथ त्याला आणि त्याच्या सात मुलांना विनाशाकडे नेते.

टॉल्किन कोण होते?

जॉन रोनाल्ड रूएल टॉल्किन यांचा जन्म ३ जानेवारी १८९२ रोजी आजच्या दक्षिण आफ्रिकेतील ब्लूमफाँटेन येथे झाला. वडील बँकेत व्यवस्थापक होते. आई मेबल मुलांना घेऊन इंग्लंडला आली असतानाच, १८९६ मध्ये वडिलांचे आफ्रिकेत निधन झाले. १९०४ मध्ये मधुमेहाने आईही गेली. इन्सुलिनचा शोध तेव्हा लागलेला नव्हता. बारा वर्षांचे टॉल्किन आणि त्यांचा धाकटा भाऊ यांचे पालकत्व एका कॅथलिक धर्मगुरूंकडे आले. पोरक्या मुलाला भाषांचा नाद लागला. लॅटिन, ग्रीक, जुनी इंग्रजी, फिनिश असे शिकता शिकता ते स्वतःच्या भाषा रचू लागले.

रत्नाच्या कथेची सुरुवात कुठे झाली?

जुन्या इंग्रजीतील ‘क्राइस्ट’ या धार्मिक काव्यात टॉल्किन यांना ‘एआरेंडेल’ हा शब्द भेटला. त्याचा संबंध पहाटेच्या ताऱ्याशी जोडला जातो. सप्टेंबर १९१४ मध्ये मावशीच्या घरी मुक्काम असताना त्यांनी या नावाच्या दर्यावर्दीवर कविता लिहिली. तारा म्हणजे आकाशातून प्रवास करणारा नाविक, ही त्यातली कल्पना होती. पुढे कथा वाढत गेली आणि त्या नाविकाच्या कपाळी सिल्मरिल आले. आपल्याला दिसणारा शुक्र म्हणजे तेच रत्न, असे या कथेने ठरवून टाकले.

युद्धाचा परिणाम काय झाला?

मार्च १९१६ मध्ये एडिथ ब्रॅट यांच्याशी विवाह झाला आणि काही आठवड्यांतच टॉल्किन फ्रान्सच्या आघाडीवर रवाना झाले. सोमच्या लढाईत ते संदेशवहन अधिकारी होते. शाळेपासूनच्या जिवलग मित्रांपैकी रॉब गिल्सन लढाईच्या पहिल्याच दिवशी, १ जुलैला मारले गेले. डिसेंबरमध्ये जी. बी. स्मिथ गेले. उवांमुळे पसरणाऱ्या ‘ट्रेंच फीव्हर’ने टॉल्किन आजारी पडले आणि नोव्हेंबरमध्ये मायदेशी परतले. त्या आजारपणाच्या काळात त्यांनी या कथा सलग लिहायला घेतल्या.

१९१७ मध्ये रूस या गावाजवळच्या रानात एडिथ त्यांच्यासाठी नाचल्या. त्या प्रसंगातून लूथिएनची कथा जन्मली. माणूस असलेला बेरेन आणि अमर कुळातली लूथिएन मिळून शत्रूच्या लोखंडी मुकुटातून एक सिल्मरिल काढून आणतात, ती ही कथा.

प्रकाशकांनी काय केले?

१९२५ पासून टॉल्किन ऑक्सफर्डमध्ये प्राध्यापक होते. १९३७ मध्ये आलेले ‘द हॉबिट’ गाजले, तेव्हा त्यांनी सिल्मरिलच्या कथा प्रकाशकांकडे दिल्या. हे बाड छापण्याजोगे वाटले नाही. प्रकाशकांना हॉबिट मंडळींची आणखी गोष्ट हवी होती. त्याच डिसेंबरमध्ये टॉल्किन यांनी ती लिहायला घेतली आणि तिचाच ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ झाला. दोन्ही ग्रंथ जोडीने यावेत म्हणून त्यांनी दुसऱ्या प्रकाशकाशीही बोलणी केली. तीही फिसकटली. अखेर पहिल्याच प्रकाशकाकडून १९५४-५५ मध्ये अंगठीची कथा एकटीच तीन खंडांत आली.

अंगठीच्या कथेत हे रत्न आहे का?

आहे, पण आडून. राणी गॅलाड्रिएल फ्रोडोला स्फटिकाची कुपी देते. तिच्यात एआरेंडिलच्या ताऱ्याचा, म्हणजे सिल्मरिलचा प्रकाश आहे. शेलोब या राक्षसी कोळिणीच्या अंधाऱ्या गुहेत हीच कुपी उपयोगी पडते. ज्या कोळिणीने पूर्वी ती दोन झाडे शोषून मारली, तिचीच शेलोब ही संतती. आईने गिळलेला उजेड लेकीसमोर पुन्हा उभा राहतो.

पुस्तक अखेर कसे आले?

१९५९ मध्ये निवृत्तीनंतरही काम संपले नाही. एक तपशील बदलला की दहा ठिकाणी दुरुस्ती करावी लागे आणि जुन्या-नव्या मसुद्यांचे ढीग वाढत जात. १९७१ मध्ये एडिथ गेल्या. २ सप्टेंबर १९७३ रोजी टॉल्किन यांचेही निधन झाले. मुलगा ख्रिस्तोफर यांनी मसुदे जुळवून १९७७ मध्ये ‘द सिल्मरिलियन’ प्रकाशित केले. १९१४ च्या त्या कवितेला तोवर ६३ वर्षे झाली होती.

या कथेचे महत्त्व काय?

टॉल्किन यांच्या अंगठीत दुष्टपणा मुळातच भरलेला आहे. सिल्मरिल मात्र निर्मळ आहे, तरीही त्यापायी रक्त सांडते. दोष प्रकाशाचा नसून तो आपल्याच मुठीत राहावा या हट्टाचा आहे. शेवटी एक रत्न आकाशात, एक धरणीच्या अग्नीत आणि एक समुद्रात जाते. ते कोणा एकाच्याही मालकीचे उरत नाही.

ऑक्सफर्डच्या वूल्व्हरकोट दफनभूमीत टॉल्किन दाम्पत्याची एकच कबर आहे. तिथल्या दगडावर एडिथ यांच्या नावाखाली लूथिएन आणि टॉल्किन यांच्या नावाखाली बेरेन असे कोरले आहे.