विश्लेषण : गाणी घराघरांत, खिशात मात्र ३८ सेंट, कोण होते स्टीफन फॉस्टर?

न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू रुग्णालयात १३ जानेवारी १८६४ रोजी ३७ वर्षांच्या एका रुग्णाचा मृत्यू झाला. त्यांच्या पाकिटात ३८ सेंट आणि काही शब्द खरडलेला एक चिटोरा एवढंच होतं. हे होते 'ओ सुझाना' लिहिणारे स्टीफन फॉस्टर. केवळ गाणी लिहून पोट भरायचं ठरवणाऱ्या अमेरिकेतील पहिल्या काही जणांपैकी ते एक. मग त्यांच्या हाती काहीच का उरलं नाही?

सुरुवात कशी झाली?

फॉस्टर यांचा जन्म ४ जुलै १८२६ रोजी पिट्सबर्गजवळच्या लॉरेन्सव्हिल इथे झाला. अमेरिकेच्या स्वातंत्र्याला त्याच दिवशी ५० वर्षं पूर्ण झाली. वयाच्या विशीत ते सिनसिनाटीला भावाच्या कंपनीत हिशेब लिहीत होते. 'ओ सुझाना' १८४७ मध्ये पिट्सबर्गच्या एका आइस्क्रीम सलूनमध्ये पहिल्यांदा सादर झालं. दोन वर्षांनी सोन्याच्या शोधात कॅलिफोर्नियाकडे निघालेल्या लोकांच्या तोंडी तेच गाणं होतं.

पैसे का मिळाले नाहीत?

तेव्हा ना रेकॉर्ड होती, ना रेडिओ. गाणं विकलं जायचं ते छापील स्वरलिपीच्या स्वरूपात. कार्यक्रमात कुणीही ते गायलं तरी गीतकाराला दमडी मिळत नसे. 'ओ सुझाना' तर अनेक प्रकाशकांनी परस्पर छापून विकलं.

फॉस्टर यातून शिकले. १८४९ मध्ये 'फर्थ, पाँड अँड कंपनी'शी करार करून त्यांनी प्रति २ सेंट रॉयल्टी ठरवली आणि पुढे नोकरी सोडली. पण खर्च कमाईपेक्षा जास्त होता. १८५७ मध्ये त्यांनी तोवरच्या गाण्यांचे पुढचे सगळे हक्क १,९०० डॉलरहून कमी रकमेत विकले. गाणी खपत राहिली, रॉयल्टी थांबली.

नावही का गेलं?

'ओल्ड फोक्स ॲट होम' १८५१ मध्ये प्रसिद्ध झालं. मुखपृष्ठावर गीतकार म्हणून नाव होतं ई. पी. ख्रिस्ती या कार्यक्रम कंपनीच्या मालकाचं. पैसे घेऊन फॉस्टर यांनीच त्याला मान्यता दिली होती. वर्षभरात त्यांनी नाव परत मागितलं, ख्रिस्तींनी नकार दिला.

वाद कशाचा?

फॉस्टर यांची बरीच गाजलेली गाणी 'मिन्स्ट्रेल' कार्यक्रमांसाठी होती. त्यांत गोरे कलाकार तोंडाला काळं फासून कृष्णवर्णीयांची टिंगल करत. काही गाण्यांतले मूळ शब्द अपमानास्पद आहेत. 'माय ओल्ड केंटकी होम' हे केंटकीचं राज्यगीत. त्यातला असा शब्द १९८६ मध्ये बदलण्यात आला. पिट्सबर्गमधला त्यांचा पुतळा २०१८ मध्ये हटवण्यात आला.

शेवट कसा झाला?

१८६० मध्ये ते न्यूयॉर्कला आले. पत्नी आणि मुलगी दुरावल्या, दारू वाढली. हाती पैसे पडावेत म्हणून ते एकामागून एक गाणी लिहून विकत राहिले. 'ब्युटिफुल ड्रीमर' प्रसिद्ध झालं ते त्यांच्या मृत्यूनंतर.

गाणं सार्वजनिक ठिकाणी वाजवल्याबद्दल गीतकार-संगीतकारांसाठी पैसे वसूल करणारी 'ॲस्कॅप' ही अमेरिकी संस्था १९१४ मध्ये स्थापन झाली. तेव्हा फॉस्टर यांना जाऊन ५० वर्षं झाली होती.