दोन रुपयांची नायिका

दोन रुपयांत सिनेमा निघतो का हो? निघाला होता! गुजरातमधल्या पाच लाख दूध उत्पादक शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये दिले आणि १९७६ साली श्याम बेनेगल यांचा 'मंथन' आला. त्यातली फणकाऱ्याने बोलणारी बिंदू म्हणजे आपली स्मिता पाटील!

१७ ऑक्टोबर १९५५ ला स्मिताचा पुण्यात जन्म. वडील शिवाजीराव राजकारणात, आई विद्याताई समाजकार्यात. स्मितावर संस्कार राष्ट्र सेवा दलाचे. पुढे ती मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या वाचू लागली. म्हणे जीन्सवरच साडी गुंडाळून बसायची. टेबलाखालचं कोणाला दिसतंय! या बातम्यांमुळेच ती बेनेगल यांच्या नजरेत भरली.

हंसा वाडकरांच्या आत्मकथेवर बेतलेला 'भूमिका' (१९७७) केला तेव्हा ती जेमतेम बाविशीची. पण कोवळ्या वयापासून प्रौढपणापर्यंतची बाई तिने अशी उभी केली की थेट राष्ट्रीय पुरस्कार! दुसरा मिळाला 'चक्र'मधल्या झोपडपट्टीतल्या अम्मासाठी. 'जैत रे जैत'मधली चिंधी वेगळीच. शिवाय मृणाल सेन यांचा बंगाली 'अकालेर संधाने', गुजराती 'भवनी भवाई', मल्याळी 'चिदंबरम'... भाषा तिला कधी आडवी आली नाही.

या सिनेमांत पैसा कमी आणि थिएटरं त्याहून कमी. मग १९८२ साली ती 'नमक हलाल'मध्ये अमिताभबरोबर पावसात भिजली, तेव्हा लोकांनी नाकं मुरडली. पण मोठ्या सिनेमातली ओळख छोट्या सिनेमालाही प्रेक्षक मिळवून देते, हा तिचा हिशेब होता. आणि गंमत बघा, त्याच वर्षी जब्बार पटेलांचा 'उंबरठा' आला! महिलाश्रमाच्या नोकरीसाठी घर सोडणारी सुलभा परत येते, घरात आपली जागा उरली नाही हे बघते आणि पुन्हा निघते. ना रडारड, ना भाषण. नुसते डोळे बोलतात. आजही घराघरात अस्वस्थ करणारा प्रश्न आहे तो.

१९८५ ला पद्मश्री मिळाली. २८ नोव्हेंबर १९८६ ला मुलगा झाला आणि बाळंतपणानंतरच्या गुंतागुंतीतून १३ डिसेंबरला ती गेली. वय फक्त ३१. सुभेदारापुढे न झुकणाऱ्या सोनबाईचा 'मिर्च मसाला' तिच्यामागे, १९८७ साली लागला.

२०२४ मध्ये 'मंथन'ची नव्याने दुरुस्त केलेली प्रत कान महोत्सवात दाखवली गेली. म्हणजे त्या पाच लाख लोकांचे दोन-दोन रुपये अजून वसूल होतायत!