हात धुवायला सांगणारा डॉक्टर

व्हिएन्नाच्या जनरल हॉस्पिटलमध्ये १८४० च्या दशकात बाळंतपणाचे दोन विभाग होते. पहिल्यात डॉक्टर आणि वैद्यकीय विद्यार्थी बाळंतपणे करत, दुसऱ्यात सुईणी. कोणत्या विभागात जायचे ते दाखल होण्याच्या वारावर ठरे. पहिल्या विभागाचा वार असला की बायका गयावया करत, दुसरीकडे जागा मागत. काहीजणी तर वाटेतच बाळंत होऊन मग रुग्णालयात येत. त्यांची भीती खुळी नव्हती. पहिल्या विभागात शंभरातल्या दहाच्या आसपास बाळंतिणी सूतिकाज्वराने दगावत, दुसऱ्यात चाराहून कमी.

१८४६ मध्ये इग्नाझ सेमेलवाइस या पहिल्या विभागात सहायक डॉक्टर म्हणून रुजू झाले. १८१८ साली बुडा इथे एका किराणा व्यापाऱ्याच्या घरी जन्मलेले सेमेलवाइस व्हिएन्नाला आले होते कायदा शिकायला. वर्षभरात ते वैद्यकाकडे वळले. दोन विभागांतला हा फरक त्यांना स्वस्थ बसू देईना. गर्दी म्हणावी, तर ती दुसऱ्या विभागात जास्त होती. हवा दोन्हीकडे तीच. मरणासन्न रुग्णाकडे जाणाऱ्या धर्मगुरूच्या घंटेने बायका घाबरत असतील, म्हणून त्यांनी ती घंटाही बंद करून पाहिली. मृत्यू थांबले नाहीत.

मार्च १८४७ मध्ये त्यांचे स्नेही प्राध्यापक याकोब कोलेच्का वारले. शवविच्छेदन करताना एका विद्यार्थ्याच्या हातातली सुरी त्यांच्या बोटाला लागली होती. त्यांच्या शरीरात जे बिघाड आढळले, ते बाळंतिणींच्या शरीरात आढळणाऱ्या बिघाडांसारखेच होते. मग उलगडा झाला. डॉक्टर आणि विद्यार्थी शवागारातून थेट प्रसूतिकक्षात येत. सुईणींचा शवांशी संबंधच नव्हता. मे महिन्यात सेमेलवाइस यांनी क्लोरीनयुक्त चुन्याच्या पाण्याने, म्हणजे आपल्या ब्लीचिंग पावडरच्या जातीच्या द्रावणाने, हात धुणे सक्तीचे केले. एप्रिलमध्ये १८ टक्क्यांवर असलेले मृत्यू जूनमध्ये दोन टक्क्यांच्या घरात आले.

जंतूंची कल्पना तेव्हा रुजलेली नव्हती. सूतिकाज्वरामागे बहुतेकदा स्ट्रेप्टोकॉकस जातीचे जंतू असतात. बाळंतपणानंतर गर्भाशयात ओली जखम असते, तिथून ते आत शिरतात. पण सेप्सिसमध्ये घात केवळ जंतू करत नाहीत. त्यांच्याशी लढताना शरीराचीच प्रतिक्रिया आवरेनाशी होते. रक्तवाहिन्या सैलावतात, रक्तदाब घसरतो, मूत्रपिंडे, फुप्फुसे, मेंदू यांना पुरेसे रक्त मिळत नाही. धाप लागणे, लघवी कमी होणे, असंबद्ध बोलणे ही धोक्याची लक्षणे. ताप असेलच असे नाही, कधी अंग उलट थंड पडते. आज अशा रुग्णाचे रक्त कल्चरसाठी घेऊन लगेच शिरेतून प्रतिजैविके देतात. सेप्टिक शॉक असेल तर शक्यतो तासाभरात. सोबत सलाइन, गरजेप्रमाणे प्राणवायू आणि रक्तदाब चढवणारी औषधे. पू साठला असेल तर तो काढावाच लागतो, नुसत्या औषधांनी भागत नाही.

सेमेलवाइस यांच्या काळी यातले काहीच नव्हते; होता तो फक्त प्रतिबंध. आणि तोच वरिष्ठांना पटेना. रुग्ण आपल्याच हातांनी मरतात, हे कोणता डॉक्टर सहज मान्य करील? १८४९ मध्ये त्यांची मुदत वाढवली गेली नाही. पेस्टच्या सेंट रोकस रुग्णालयात त्यांनी सूतिकाज्वर पुन्हा एक टक्क्याच्या आत आणला. पण आपले म्हणणे नीट लिहून काढायला त्यांनी फार उशीर केला. ग्रंथ निघाला तो १८६१ मध्ये. पुढे विरोधकांना ते जाहीर पत्रांतून खुनी म्हणू लागले. त्याने पटण्याऐवजी माणसे आणखी दुरावली.

जुलै १८६५ मध्ये त्यांचे मानसिक संतुलन ढळल्याचे ठरले आणि त्यांना व्हिएन्नातल्या वेड्यांच्या रुग्णालयात नेण्यात आले. तिथल्या रखवालदारांनी त्यांना मारहाण केली असावी, असे मानले जाते. उजव्या हाताच्या बोटाची जखम चिघळली, विष अंगभर पसरले आणि १३ ऑगस्टला, वयाच्या ४७ व्या वर्षी, ते गेले. आदल्याच दिवशी ग्लासगोत जोसेफ लिस्टर यांनी एका मुलाच्या मोडलेल्या पायाच्या जखमेवर कार्बोलिक ॲसिडची पट्टी बांधली होती.

सेमेलवाइस यांचे शवविच्छेदन झाले ते व्हिएन्नाच्या त्याच जनरल हॉस्पिटलमध्ये.