आईच्या कपाळाशी बोलणारा मुलगा

दूरध्वनीचे जनक अलेक्झांडर ग्रॅहम बेल यांचा जन्म ३ मार्च १८४७ रोजी स्कॉटलंडमधील एडिंबरा येथे झाला. वडील उच्चारशास्त्राचे अध्यापक. आई एलायझा पियानोवादनात निपुण, पण तिला जवळजवळ ऐकूच येत नसे. इतर मंडळी तिने कानाशी धरलेल्या नळीत मोठ्याने बोलत. छोटा अ‍ॅलेक मात्र तिच्या कपाळाजवळ तोंड नेऊन खालच्या, घुमत्या स्वरात बोले आणि तिला ते उमगे. शाळेतील प्रगती बेताचीच! तरी बाराव्या वर्षी मित्राच्या वडिलांच्या गिरणीसाठी त्याने गव्हाचे टरफल सोलणारे यंत्र तयार केले. पुढे बोस्टनमध्ये कर्णबधिरांना बोलावयास शिकवीत असतानाच त्यांचे दूरध्वनीचे प्रयोग चालले. ७ मार्च १८७६ रोजी पेटंट मिळाले, तेव्हा त्यांना २९ वर्षे पूर्ण होऊन चारच दिवस झाले होते.